पपई दुधनीची, रीत मोझांबिकची

नगर हवेलीतल्या आमच्या दुधनीत पपई कुणी विकत घेत नाही. ती परसात आपोआप उगवते, मोरीच्या पाण्यावर वाढते आणि एकदा धरायला लागली की घरच्यांना पुरून उरते. कच्ची असताना तिची भाजी होते, मटण लवकर शिजावं म्हणून त्यात तिच्या चार फोडी पडतात, पिकली की पोरं खातात, मग कावळे-बुलबुल खातात, आणि तरीही उरलेली झाडाखाली पडून सडते. याच दुधनीत, मधुबन धरणाच्या पाण्यात शिकाऱ्यातून फिरायला आलेल्या पाहुण्यांना जेवणानंतर गोड म्हणून जे मिळतं ते मात्र सगळं बाहेरून आलेलं असतं. डब्यातल्या अननसाच्या चकत्या, किवीचे काप, वर पिशवीतून पिळलेलं क्रीम. सिल्वासाहून खानवेलमार्गे इकडे येणाऱ्या रस्त्यावर मी जिथे जिथे जेवले तिथे थोड्याफार फरकाने हेच पाहिलं. मला याचं वाईट वाटतं, आणि यावर करता येण्याजोगं काहीतरी आहे असंही वाटतं.

माझं म्हणणं असं की या पपईचं एक गोड आपल्या घरोघरी व्हायला हवं आणि त्याची रीत आफ्रिकेच्या पूर्व किनाऱ्यावरून, मोझांबिकमधून, घ्यायला हवी. पिकलेली पपई, लिंबू, साखर, लवंग, दालचिनी आणि अंड्यांचे पिवळे बलक, बस इतकंच सामान. तिकडे त्याला पोर्तुगीज नावाने ‘ओव्हुश मोलिश द पापाया’ म्हणतात. त्याला भट्टी लागत नाही, साचा लागत नाही, अर्ध्या-पाऊण तासात काम उरकतं. माझं आयुष्य मराठी माध्यमाच्या प्राथमिक शाळेत मुलांना शिकवण्यात गेलं. पाककृती लिहायचा मला सराव नाही. पण या वाटीभर गोडात आमच्या मुलखाचा बराच इतिहास आहे आणि त्याबद्दल गप्प राहणं मला जमत नाही.

मोझांबिकच का, असं कुणी विचारलं तर नगर हवेलीची गोष्ट थोडी मागून सांगावी लागते. सांताना नावाच्या पोर्तुगीज जहाजाची मराठी आरमाराने १७७२ मध्ये हानी केली. तिची भरपाई आणि पोर्तुगिजांशी दोस्ती या दोन्ही हेतूंनी पेशव्यांनी १७७९ च्या पुण्याच्या तहात इथल्या गावांचा वसूल त्यांना लावून दिला. १७८३ मध्ये नगर हवेली त्यांच्याकडे गेली, १७८५ मध्ये दादरा. तेव्हापासून आमचा कारभार दमणहून चाले आणि दमणचा गोव्याहून. गोव्याचा हात तर समुद्रापलीकडे पोचलेला होता. १७५२ पर्यंत मोझांबिकचा कारभारसुद्धा गोव्यात बसलेल्या व्हाइसरॉयच्या अखत्यारीत होता. दमण-दीवचे व्यापारी गुजरातेत विणलेलं कापड तिकडे नेत आणि हस्तिदंत घेऊन परतत. विसाव्या शतकात दमणची कितीतरी कुटुंबं पोटापाण्यासाठी लोरेन्सो मार्किशला, म्हणजे आजच्या मापुतोला, आणि बैराला जाऊन राहिली. १९७५ च्या जूनमध्ये मोझांबिक स्वतंत्र झाला, त्यानंतर यांतली पुष्कळ कुटुंबं पोर्तुगालला आणि पुढे इंग्लंडला गेली. काही माणसं परत दमणला आली.

मराठी वाचकाला नगर हवेली म्हटलं की तिच्या मुक्तीचा दिवस, २ ऑगस्ट १९५४, आठवतो. सुधीर फडके, बाबासाहेब पुरंदरे, राजा वाकणकर ही नावं आठवतात, आणि ती आठवलीच पाहिजेत. शाळेत मी दरवर्षी हा दिवस मुलांना सांगत आले. पण सांगताना एक गोष्ट मी नेहमी जोडत असे. आपण ज्या सत्तेला इथून घालवलं तिच्याच विरुद्ध मोझांबिकची माणसं १९६४ पासून दहा वर्षं हातात शस्त्र घेऊन लढली. आपला आणि त्यांचा मालक एकच होता. मुलांना नकाशात दमण दाखवायचं, मग बोट तसंच अरबी समुद्रातून खाली नैऋत्येला न्यायचं, विषुववृत्त ओलांडायचं, की बैरा येतं. मधे दुसरी जमीन जवळजवळ लागत नाही. शेजारी म्हणतात ते याहून वेगळं काय असतं?

हे गोड मी पहिल्यांदा खाल्लं ते मोटी दमणला, एका वयस्कर बाईंच्या घरी. त्यांचा संसार बैरात झालेला. त्यांच्याकडे वजन नव्हतं, माप नव्हतं. पपई शिजताना त्या कालथ्यावरचा पाक दोन बोटांत धरून पाहत आणि तार तुटली नाही की मान हलवत. मी विचारत गेले आणि लिहून घेत गेले. त्यांचं एकच सांगणं होतं, लिंबात कंजुषी करू नको. पुढे २०१९ च्या मार्चमध्ये इडाई चक्रीवादळाने बैराची धूळधाण केली. तेव्हा सर्वांत आधी मदतीला पोचलेल्यांत आपल्या नौदलाची सुजाता आणि शार्दूल ही जहाजं आणि तटरक्षक दलाचं सारथी होतं. वर्तमानपत्रातली ती बातमी वाचताना बैरा हे माझ्यासाठी परक्या देशातलं गाव राहिलेलं नव्हतं. तिथल्या एका स्वयंपाकघराची मला माहिती होती.

आता कुणी म्हणेल, यात आफ्रिकेचं काय आहे? पपई मूळची मध्य अमेरिकेतली. सोळाव्या शतकात स्पॅनिश-पोर्तुगीज जहाजांबरोबर ती आशियात आली. बलक आणि साखरेचा पाक एकत्र करायची रीत पोर्तुगालच्या मठांतली. गोव्याच्या बेबिंकातसुद्धा तीच रीत दिसते. दालचिनी श्रीलंकेची. लवंग मूळची मोलुक्काची. ती एकोणिसाव्या शतकात ओमानच्या सुलतानांच्या अमलात झांझिबार आणि पेंबा बेटांवर लावली गेली आणि गुलामांच्या श्रमांवर वाढवली गेली. हे सगळं खरं आहे. पण नुसता बलक आणि साखर इतकी गोड होते की दुसरा चमचा जात नाही. त्यात पिकलेली पपई आणि भरपूर लिंबू घालून ते खाण्याजोगं करणं, ही मोझांबिकची अक्कल आहे. साहेबाचं जेवण रांधणारे हात तिथलेच होते. पदार्थ कोणाचा हे ठरवताना आपण नेहमी त्याचं सामान कुठून आलं ते विचारतो. ते सामान कोणी एकत्र आणलं आणि त्याला चव कोणी दिली, हे विचारायला हवं. नाहीतर बटाटेवडाही आपला म्हणता येणार नाही, कारण बटाटा आणि मिरची दोन्ही अमेरिकेतून आली.

आणि खरोखर आफ्रिकेतून आलेलं काही पाहायचं असेल तर आमच्या डोंगरातल्या कुठल्याही घरात यावं. कोकणा आणि वारली घरांत नागलीची भाकरी हे रोजचं जेवण आहे. पावसाळ्याच्या तोंडी उतारावर नागलीचं रोप टाकतात, मग आवणी होते, दिवाळीच्या सुमारास कणसं घरात येतात. ही नागली, तुमची नाचणी, पूर्व आफ्रिकेच्या उंच प्रदेशातली, इथिओपिया-युगांडाकडची. हजारो वर्षांपूर्वी ती भारतात आली आणि डोंगरउतारावर इतकी रुजली की ती परकी असेल अशी शंकाही कुणाला येत नाही. देशावरची ज्वारी सुदानच्या बाजूची, बाजरी सहाराच्या दक्षिणेकडच्या पट्ट्यातली. चवळी आफ्रिकेतली. आमटीतली चिंचसुद्धा उष्ण कटिबंधातल्या आफ्रिकेतली. महाराष्ट्राची भाकरी मुख्यतः तीन धान्यांची, आणि तिन्ही धान्यं आफ्रिकेच्या शेतकऱ्यांनी पहिल्यांदा माणसाळवलेली. २०२३ हे वर्ष जगभर भरडधान्यांचं वर्ष म्हणून साजरं झालं, तेही भारताच्या प्रस्तावावरून. आमच्याकडेही नागलीचे लाडू झाले, प्रदर्शनं झाली, भाषणं झाली. त्यांतली जी मी ऐकली त्यांत आफ्रिकेचं नाव कुणी घेतलं नाही. ज्यांच्याकडून बी आलं त्यांची आठवण काढायला काही खर्च नव्हता.

फळांतही तेच. उन्हाळ्यात रस्त्याकडेला ढीग लागतात ते कलिंगड आफ्रिकेचं. २०२१ मध्ये प्रसिद्ध झालेल्या जनुकीय अभ्यासात त्याचा सर्वांत जवळचा रानातला नातलग सुदानच्या कोर्दोफान भागात सापडला. इजिप्तच्या तुतनखामेनच्या थडग्यात कलिंगडाच्या बिया होत्या. गोरखचिंचेचं प्रचंड बुंध्याचं झाडही आफ्रिकेचंच. मुंबईत त्याची काही झाडं अजून उभी आहेत आणि मांडूला तर त्याची फळं पर्यटकांना विकतात. सेनेगलमध्ये त्याच फळाच्या आंबट पांढऱ्या गराचं गार सरबत करतात. मोम्बासा आणि झांझिबारला गरासकट बिया साखरेच्या लाल पाकात घोळवतात, आणि शाळेबाहेर मुलं त्या चघळत उभी असतात. आपली मुलं चिंचेच्या गोळ्या चघळतात तशीच. मांडूला गेलेल्या किती जणांनी ते फळ घरी आणून त्याचं सरबत करून पाहिलं असेल?

आफ्रिकेबद्दल आपल्या मनात काय आहे, ते मुलं फार स्पष्ट बोलतात. वर्गात ‘आफ्रिका म्हटलं की काय आठवतं’ असं विचारलं की सिंह, वाळवंट आणि उपाशी माणसं, एवढीच उत्तरं यायची. चोपन्न देशांचा खंड मुलांच्या मनात एका चित्रात बसलेला असतो. हे मुलांनी मनाने केलेलं नाही, मोठ्यांकडून आलेलं आहे. पुण्यात शिकायला येणाऱ्या आफ्रिकी विद्यार्थ्यांना भाड्याने खोली शोधताना जे ऐकावं लागतं तेही याच चित्रातून येतं. एका गोड पदार्थाने हे बदलेल असं मी म्हणत नाही. पण ज्या देशातला पदार्थ आपण हौसेने शिकलो, पाहुण्यांना वाढला, त्या देशातल्या माणसाला दारात उभं ठेवणं थोडं अवघड जातं, एवढा माझा विश्वास आहे. म्हणून माझा आग्रह असतो की ‘आफ्रिकन डेझर्ट’ असं म्हणून सोडून देऊ नका, मोझांबिकचं म्हणा. आपल्या पुरणपोळीला कुणी ‘आशियाई पोळी’ म्हटलं तर आपल्याला चालेल का?

आता कृती. अर्धा किलो गर निघेल अशी पपई घ्या. पूर्ण पिकलेली, पण बोट रुतेल इतकी मऊ नको. बाजारात मिळते ती बहुतेक तैवान ७८६ जातीची, लाल गराची, गोड आणि वासाला सौम्य. तिचं छान होतं. पण परसातली पिवळ्या गराची, उग्र वासाची गावठी पपई मला जास्त आवडते. जो वास लोकांना नको असतो तोच लिंबू आणि लवंगेबरोबर शिजल्यावर या गोडाचा सुगंध होतो. साल आणि बिया काढून फोडी करा, दोन रसदार लिंबांचा रस घालून मिक्सरमधून काढा. गर एकजीव व्हायला हवा, रेषा राहिल्या तर चाळणीतून गाळा.

जाड बुडाच्या पातेल्यात हा गर, चार लवंगा, दोन बोटं लांबीचा दालचिनीचा तुकडा आणि साखर घालून मध्यम आचेवर ठेवा. मूळ रीतीत जवळजवळ पपईच्या वजनाइतकी साखर पडते आणि एकतारी पाक येईपर्यंत शिजवतात. मला तेवढं गोड सोसत नाही. मी सपाट एक वाटी साखर घेते. मग तार येत नाही, खूण वेगळी धरावी लागते. कालथा बुडावरून ओढला की मागे क्षणभर वाट राहते, ती लगेच बुजत नाही, तेव्हा झालं समजायचं. साधारण वीस मिनिटं लागतात. शेवटी शेवटी गर उसळून अंगावर उडतो, म्हणून लांब दांड्याचा चमचा वापरा आणि मुलांना लांब ठेवा. रंग पिवळ्याचा गडद केशरी झाला की खाली उतरवा, लवंगा आणि दालचिनी वेचून काढा.

दुसऱ्या भांड्यात चार अंड्यांचे बलक फिकट आणि फेसाळ होईपर्यंत फेटा. आमच्याकडे गावठी कोंबड्यांची अंडी मिळतात, त्यांचा बलक नारिंगीच असतो आणि गोडाला रंग फार सुंदर येतो. आता सगळ्यात महत्त्वाचं. गरम पपई बलकात घालायची, बलक गरम पपईत नाही. एक चमचा घालायचा, फेटायचं, मग दुसरा. निम्मी पपई अशी गेली की बाकीची धारेने सोडली तरी चालते. उलट केलं किंवा घाई केली तर अंडं थिजून गुठळ्या होतात आणि त्या परत मोडत नाहीत. हे मिश्रण पुन्हा पातेल्यात घेऊन अगदी मंद आचेवर चार-पाच मिनिटं सतत ढवळत ठेवा. उकळी येऊ द्यायची नाही. मोटी दमणच्या बाई परत आचेवर ठेवत नसत, त्यांच्या कडक पाकाच्या उष्णतेनेच बलक शिजे. साखर कमी केली की तेवढी उष्णता मिळत नाही, म्हणून ही पायरी मी घातली आहे. अंडं कच्चं राहू नये, विशेषतः घरात लहान मुलं आणि म्हातारी माणसं असतील तर. चमच्याच्या पाठीवर जाड थर बसला की छोट्या वाट्यांत ओता. निवताना ते आपोआप दाटतं. वर भाजलेले काजू घाला. आपल्याकडे सोलल्या जाणाऱ्या काजूचा मोठा वाटा आफ्रिकेतूनच कच्चा येतो, तेव्हा तेही त्याच किनाऱ्यावरचे असू शकतात. वाढताना चार चमच्यांहून जास्त वाढू नका. साखर कमी असल्यामुळे हे टिकतही नाही, फ्रीजमध्ये ठेवून दोन दिवसांत संपवा. उरलेल्या पांढऱ्याची भुर्जी होते.

पपई शिजवण्यामागे आणखी एक कारण आहे. पपईच्या मिल्कशेकचा ग्लास तासभर ठेवला की कडवट लागतो, हे अनेकांनी अनुभवलं असेल. पपईतलं पपेन हे पाचक द्रव्य दुधातली प्रथिनं तोडतं, त्यातून तो कडवटपणा येतो. मटण मऊ होतं तेही त्याच्यामुळेच, आणि जिलेटिनची जेली कच्च्या पपईबरोबर धरत नाही तीही याच्यामुळे. पपई नीट उकळली की पपेन निकामी होतं. म्हणून या गोडात पपई आधी शिजते आणि अंड्याशी तिची गाठ नंतर पडते. शास्त्राचं नाव माहीत नसताना ज्या बायकांनी हा क्रम ठरवला त्यांचं मला कौतुक वाटतं.

अंड्याचा प्रश्न येणार, मला कल्पना आहे. मराठी घरांत गोडात अंडं म्हटलं की अनेकांचा हात मागे येतो. काहींना ते चालतच नाही. त्यांनी मन मारून हे खावं असं मी सुचवणार नाही, आणि बलकाऐवजी कॉर्नफ्लॉवर घालून त्याच नावाने वाढावं हेही मला पटत नाही. त्यांच्यासाठी त्याच किनाऱ्यावर थोडं उत्तरेला, टांझानिया आणि केनियाच्या समुद्रकाठी, दुसरी चीज आहे. पिकलेली केळी नारळाच्या दुधात शिजवायची, वेलदोडा घालून. झांझिबार, मोम्बासा, लामू इथल्या घरांत ही होते. यात अंडं नाही, दूध नाही, तूपही नाही, त्यामुळे उपासाला चालेल का हे ज्याने त्याने आपल्या घरच्या रिवाजाप्रमाणे ठरवावं.

यासाठी वसईकडची राजेळी केळी सर्वांत चांगली. सुकेळी जिची करतात तीच. साधं केळं शिजवलं की त्याचा लगदा होतो, राजेळी आकार सोडत नाही. साल काळी पडू लागलेली, पूर्ण पिकलेली चार केळी सोलून उभी दोन भागांत चिरा, लांब असतील तर आडवीही. एका नारळाचं दाट दूध वेगळं काढून ठेवा. त्याच चवातून पुन्हा काढलेल्या पातळ दुधात केळी, दोन-तीन चमचे साखर किंवा गूळ, चार वेलदोड्यांची पूड आणि चिमूटभर मीठ घालून झाकण ठेवून दहा मिनिटं मंद शिजवा. गूळ घातलात तर तो आधी पातळ दुधात विरघळवून गाळून घ्या. केळ्यात सुरी सहज शिरली की दाट दूध घाला, एक वाफ येऊ द्या आणि उतरवा. दाट दूध खळखळून उकळलं तर फुटतं. कोमट असतानाच खावं. कोकणातल्या माणसाला ही चव ओळखीची वाटेल, आणि का वाटणार नाही? तोच मोसमी वारा दोन्ही किनाऱ्यांवरची गलबतं शेकडो वर्षं ने-आण करत होता. केळं आशियातून आफ्रिकेत गेलं आणि युगांडात तर ते लोकांचं मुख्य अन्न झालं. बियाणं, मसाला, रांधण्याची रीत, सगळं दोन्ही बाजूंनी गेलं आणि आलं.

आता माझी खरी मागणी. मधुबन धरण झालं तेव्हा नगर हवेलीतली कितीतरी शेतं आणि घरं पाण्याखाली गेली. आज जे निळं पाणी पाहायला मुंबई-सुरतेहून गाड्या येतात, ते पाणी कुणाच्या तरी नागलीच्या वरकस जमिनीवर उभं आहे. त्या पाण्याच्या काठावर त्याच कुटुंबांतल्या बायकांना विकण्यासारखं काहीतरी असायला हवं. वेफर्सची पाकिटं आणि बाटलीतलं पेय विकून त्यांच्या हातात फार थोडं उरतं, बाकी सगळं माल बनवणाऱ्याकडे जातं. केळी, नारळ, पपई यांत मात्र कष्ट त्यांचे आणि कमाईही त्यांची. धक्क्याजवळ बचत गटांसाठी चार स्वच्छ ओटे, पाण्याचा नळ आणि सावली एवढी सोय प्रशासनाने केली तरी पुरे. पर्यटनाच्या जाहिरातीत वारली चित्रं छापली जातात. ती चित्रं काढणाऱ्या समाजाला पर्यटनातून रोजची कमाई मिळणं त्याहून महत्त्वाचं आहे.

तिथे बलकाचं गोड विकू नये, असं मी आधीच सांगून ठेवते. उन्हाळ्यात उघड्यावर अंड्याचा पदार्थ दुपारपर्यंत ठेवणं धोक्याचं आहे, ते घरचं आणि त्याच दिवसाचं खाणं. धक्क्यावर केळी चालतील, पण पातेलं छोटं करावं आणि एक संपल्यावर दुसरं चढवावं, कारण नारळाचं दूधही उन्हात लवकर आंबतं. पपईची अंड्याशिवायची लवंग-लिंबू घातलेली आटवलेली चटणी भरपूर साखरेत केली तर बरणीत टिकते आणि पाहुण्यांना घरी नेता येते. तिच्यावर दुधनीचं नाव असावं. रीत कुठून आली तेही चिठ्ठीवर दोन ओळींत छापावं. नागलीच्या भाकरीबरोबर ती फार चांगली लागते. आमच्या शेजारच्या कोकणा घरात एकदा मी ती दिली होती. त्या घरातल्या बाईने भाकरीच्या तुकड्यावर लावून खाल्ली आणि पहिला प्रश्न विचारला तो असा, “बाई, हिला साखरेऐवजी मोहाची फुलं घालून चालतील का?”

सुकवलेल्या मोहाच्या फुलांत साखर भरपूर असते, तेव्हा चालायला हरकत नसावी. पाकाची खूण मात्र नव्याने शोधावी लागेल. मार्च-एप्रिलमध्ये मोह गळतो आणि पपईही तेव्हा झाडावर असते. ज्या घरांत फुलं वेचली जातात त्या घरांतल्या बायकांनीच हे करून पाहावं. मापं जमली तर ती मलाही लिहून घ्यायची आहेत.